अंग एकाचं, चेहरा दुसऱ्याचा

रेडिओवरची जाहिरात आजीच्या कानावर पडली. 'स्टार वॉर्स'च्या नव्या चित्रपटासाठी चार फुटांखालची माणसं हवी होती. आजीचा नातू अकरा वर्षांचा, उंची दोन फूट अकरा इंच, आणि 'स्टार वॉर्स' म्हणजे त्याचा जीव की प्राण. इंग्लंडमधल्या सरे परगण्यात, एप्सम इथे ३ फेब्रुवारी १९७० रोजी जन्मलेल्या वॉरिक डेव्हिसला पाठीचा कणा आणि लांब हाडांची टोकं नीट वाढू न देणारा दुर्मीळ जनुकीय विकार आहे. शाळेत अडचणीची ठरणारी उंची या एका नोकरीसाठी मात्र मुख्य पात्रता होती.

'रिटर्न ऑफ द जेडाय'मध्ये इवॉक नावाचे केसाळ, अस्वलासारखे वनवासी आहेत. वॉरिकला त्यांच्या गर्दीत उभं राहायचं होतं. त्यातल्या विकेट या महत्त्वाच्या इवॉकचं काम केनी बेकर करणार होते. बेकर तीन फूट आठ इंचांचे. 'स्टार वॉर्स'मधल्या आर-टू-डी-टू या यंत्रमानवाच्या पिंपात बसून काम केलेला हा अनुभवी नट. ऐन वेळी ते आजारी पडले आणि या पोराला पुढे करण्यात आलं.

पण करायचं काय? अंगावर फर, तोंडावर मुखवटा, त्याच्या आत उकाडा, आणि श्वासाने डोळ्यांपुढच्या काचा धुरकटलेल्या. चेहऱ्याचा काडीचाही उपयोग नाही. वॉरिकला घरचा कुत्रा आठवला. काही अनोळखी दिसलं, ऐकू आलं, की तो मान एका बाजूला कलती करायचा. विकेटनेही तेच केलं. जंगलात राजकन्या लिआ पहिल्यांदा भेटते तेव्हा तो भाला रोखून, मान वाकडी करून तिच्याकडे बघतो. लिआ झालेली कॅरी फिशर सेटवर त्याला दूध आणि बिस्किटं आणून द्यायची, हे त्याने पुढे अनेकदा सांगितलं. बेकर बरे होऊन परतले आणि त्यांनी पापलू नावाचा दुसरा इवॉक केला.

मी स्वतः वॉरिकला ओळखत होतो ते फक्त 'हॅरी पॉटर'मधला प्रोफेसर फ्लिटविक म्हणून. एका पावसाळ्यात त्याचे चित्रपट ओळीने बघायला घेतले, तर नट सापडेपर्यंत पंचाईत. श्रेयनामावलीत त्याचं नाव दिसायचं आणि पडद्यावर मी तो कुठे आहे हे शोधत बसायचो. कधी मुखवट्यात, कधी पिसांत, कधी प्लॅस्टिकच्या डोक्याखाली. मग गोष्टीकडे कमी आणि या शोधाकडेच जास्त लक्ष जायला लागलं.

'विलो' (१९८८) लावला आणि हा लपंडाव एकदम थांबला. 'जेडाय'च्या वेळी हा मुलगा पाहून 'स्टार वॉर्स'चा कर्ता जॉर्ज लुकास याला आपल्या मनातल्या कथेचा नायक सापडला होता. दिग्दर्शन रॉन हॉवर्डचं, चित्रीकरण वेल्स आणि न्यूझीलंडमध्ये, जोडीला व्हॅल किल्मरसारखा देखणा, उंच नट. आणि मध्यभागी सतरा वर्षांचा वॉरिक, कथेत दोन लेकरांचा बाप आणि होतकरू जादूगार. मुखवटा नाही, खोटं नाक नाही. त्याच्या गावातली सगळी माणसं लहान चणीची, आणि त्यासाठी दोनशेहून अधिक ठेंगणे कलाकार गोळा केले होते. तो घोडा चालवायला शिकला, हातचलाखी शिकला. शेवटी दुष्ट राणीला हरवतो तोही खऱ्या मंत्राने नाही, जत्रेत दाखवायच्या डुक्कर गायब करण्याच्या युक्तीने. मला हा शेवट आजही फार आवडतो.

यानंतर नायकाच्या भूमिकांची रांग लागायला हवी होती. नाही लागली. बीबीसीच्या 'नार्निया' मालिकेत तो शूर उंदीर झाला, नंतर घुबड झाला. १९९३ साली 'लेप्रेकॉन' हा भयपट आला. आपल्या सोन्यासाठी माणसं मारत सुटणारा आयरिश बुटबैंगण त्यात वॉरिकने रंगवला. जेनिफर ॲनिस्टनच्या अगदी सुरुवातीच्या चित्रपटांपैकी हा एक. त्याचे पुढचे भाग निघत गेले, वॉरिकने एकूण सहा केले, आणि चौथ्यात तर लेप्रेकॉन अंतराळात जाऊन पोहोचतो. अभिरुचीवाल्यांनी नाकं मुरडली. मला मात्र हे भाग बघताना मजा आली, कारण जाड रंगाच्या थराखाली हा नट मनसोक्त वाह्यातपणा करतोय हे कळत होतं.

१९९५ साली त्याने सासरे पीटर बरोज यांच्याबरोबर एक संस्था काढली. बरोज स्वतः इवॉक झालेले. 'विलो मॅनेजमेंट' ही लहान चणीच्या कलाकारांना कामं मिळवून देणारी एजन्सी, आणि पुढे सात फुटांवरच्या उंच माणसांनाही तिने आपल्यात घेतलं. फँटसीला दोन्ही टोकं लागतात. 'हॅरी पॉटर'ची शाळा आणि गॉब्लिनांची बँक उभी करताना या एजन्सीच्या कलाकारांना बरंच काम मिळालं. व्यवसाय म्हणून पाहिलं तर वॉरिकची ही चाल कुठल्याही भूमिकेपेक्षा हुशारीची.

'हॅरी पॉटर'मध्ये त्याच्या चेहऱ्याचं जे झालं ते तर गमतीचंच आहे. पहिल्या दोन भागांत फ्लिटविक पांढऱ्या दाढीचा जख्खड म्हातारा. तिसऱ्या भागाच्या पटकथेत फ्लिटविकच नव्हता, म्हणून वॉरिकला गायकवृंदाचा संचालक केलं. काळे केस, छोटी मिशी. चौथ्या भागाचा दिग्दर्शक माइक न्यूएलला तोच अवतार भावला आणि फ्लिटविक त्यानंतर कायमचा तरुण झाला. ग्रिपहुक या गॉब्लिनची तऱ्हा वेगळी. पहिल्या भागात शरीर व्हर्न ट्रॉयरचं आणि आवाज वॉरिकचा. शेवटच्या दोन भागांत मात्र आवाज, अंग, सगळं वॉरिकचंच. उलटा प्रकार २००५च्या 'द हिचहायकर्स गाइड टू द गॅलक्सी'मध्ये. सदा खिन्न यंत्रमानव मार्विनच्या आत वॉरिक, आणि आवाज ॲलन रिकमनचा. चेहरा, आवाज आणि देह या तीन गोष्टी या धंद्यात सुट्या सुट्या भाड्याने मिळतात.

या व्यवहाराचं टोक पाहायचं तर किरण शाहकडे पाहावं. नैरोबीत भारतीय कुटुंबात जन्म, बाराव्या वर्षी भारतात आगमन, सिनेमाचं वेड इथलं, आणि पुढे इंग्लंड. उंची जेमतेम १२६ सेंटिमीटर. सर्वांत कमी उंचीचा व्यावसायिक स्टंटमन म्हणून 'गिनेस'मध्ये त्याची नोंद आहे. १९७८च्या 'सुपरमॅन'मध्ये क्रिस्टोफर रीव्हच्या जागी तो उडाला, कारण नट लहान असला की मागचं दृश्य भव्य दिसतं. 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मध्ये नायक फ्रोडो पाठमोरा किंवा दूरवर दिसतो तेव्हा अनेकदा तो एलायजा वूड नसतो, किरण शाह असतो. हे चित्रपट जगाने डोक्यावर घेतले. हा माणूस आपल्यापैकी किती जणांना माहीत आहे?

नैरोबीतच जन्मलेला, भारतीय वंशाचाच दीप रॉय याच्या वाट्याला बरोबर उलटं आलं. टिम बर्टनच्या 'चार्ली अँड द चॉकलेट फॅक्टरी'त (२००५) कारखान्यातले बुटके कामगार, म्हणजे सगळेच्या सगळे १६५ उंपा-लुंपा, त्याने एकट्याने केले. तोच नाच, तीच हालचाल, पुन्हा पुन्हा, दरवेळी जागा बदलून. इथे एकच चेहरा दीडशेच्या वर वेळा.

संगणक आल्यावर नवाच पेच निघाला. 'स्नो व्हाइट अँड द हंट्समन'मध्ये (२०१२) बुटक्यांच्या भूमिका बॉब हॉस्किन्स, इयान मॅक्शेन अशा नटांना दिल्या आणि तंत्राने त्यांना लहान केलं. अमेरिकेतल्या ठेंगण्या लोकांच्या संघटनेने जाहीर नाराजी नोंदवली. आपल्याकडे तरी काय वेगळं? 'अप्पू राजा'त कमल हासन, 'झीरो'त शाहरुख खान. दोघांची मेहनत मान्य, पण ठेंगण्या नायकाची भूमिका ठेंगण्या नटाला द्यावी असं निर्मात्यांना वाटलं नाही. नागपूरची ज्योती आमगे ही जगातली सर्वांत कमी उंचीची हयात स्त्री, ६२.८ सेंटिमीटर. अभिनयाचं नाव घेण्यासारखं काम तिला मिळालं ते २०१४ साली, 'अमेरिकन हॉरर स्टोरी' या परदेशी मालिकेत. तेही सर्कशीतल्या पात्राचं.

त्याच वर्षी वॉरिकने नाटक कंपनी काढली. फिलिप किंगचं 'सी हाऊ दे रन' हे जुनं विनोदी नाटक, सगळे नट लहान चणीचे, आणि दारं-खुर्च्यांसह नेपथ्य त्यांच्या मापाचं. नाटकात उंचीचा विषयच निघत नाही. माझ्या मते त्याच्या कारकिर्दीतला हा सर्वांत धीट प्रयोग. त्याआधीच्या 'लाइफ्स टू शॉर्ट' या बीबीसी मालिकेत त्याने स्वतःचीच खोटी, बढाईखोर आवृत्ती रंगवली होती. मोठ्या गाडीतून धपकन पडणारा, दुसऱ्यांची कामं ढापणारा एजंट. बघताना कधी कधी अस्वस्थ व्हायला होतं, पण चेहरा त्याचा, नाव त्याचं.

पत्नी समंथा हिची उंचीही जनुकीय विकारामुळे कमी होती. तिचा विकार वेगळा. दोघांचा पहिला मुलगा दोन्ही विकार घेऊन आला आणि नऊ दिवसांत गेला. पुढे ॲनाबेल आणि हॅरिसन झाले. अशा कुटुंबांना एकमेकांचा आधार मिळावा म्हणून २०१२ साली नवरा-बायकोने 'लिटिल पीपल यूके' ही संस्था सुरू केली. मार्च २०२४मध्ये समंथा वारली. फेब्रुवारी २०२५मध्ये वॉरिकला बाफ्टाची फेलोशिप मिळाली. हिचकॉक आणि चॅप्लिन यांना मिळालेला हा सन्मान स्वीकारायला तो समंथाविना, दोन्ही मुलांना घेऊन आला होता.

दरम्यान 'विलो'ची मालिका २०२२ साली येऊन गेली. चौतीस वर्षांनी तो पुन्हा नायक झाला, ॲनाबेल पडद्यावरही त्याची मुलगी झाली, आणि काही महिन्यांतच डिस्नेने ती मालिका आपल्या मंचावरून काढूनही टाकली. 'हॅरी पॉटर'ची नवी मालिका घोषित झाली तेव्हा मुलं, शिक्षक, सगळे चेहरे नव्याने निवडले जात होते. प्रोफेसर फ्लिटविकसाठी मात्र एचबीओने जुन्याच नटाचं नाव जाहीर केलं.