थोरल्याचा पगार, धाकट्याची फी

दहावीचा निकाल लागला, की आपल्या ओळखीच्या घरांतून मुलांचे दोन वर्ग पडतात. काहींचे पेढे वाटले जातात, आणि काहींबद्दल पाहुण्यांसमोर आवाज खाली करून बोललं जातं. ‘सध्या एका दुकानात बसतो. दुरुस्तीचं काहीतरी शिकतोय,’ असं म्हणून आई चटकन चहाचं आधण टाकायला उठते. या दुसऱ्या वर्गातल्या एका मुलाची हकीगत आज सांगायची आहे. हा मुलगा आता साठीच्या घरात आहे, आणि त्यानं उभ्या केलेल्या कंपनीचं नाव तुमच्या मुलांना नक्की माहीत असेल. पुण्याच्या ‘क्विक हील’चे कैलास काटकर.

काटकर कुटुंब मूळचं सातारा जिल्ह्यातलं. वडील पुण्यात फिलिप्स कंपनीत कामाला होते. कैलास यांचं शिक्षण दहावीपाशी थांबलं आणि १९८०च्या दशकाच्या मध्याला ते कॅल्क्युलेटर दुरुस्त करणाऱ्याकडे कामाला लागले. पगार महिन्याला ४०० रुपये. आज कॅल्क्युलेटर बिघडला तर आपण तो फेकून देतो. पण त्या काळी बँकांतून, पेढ्यांतून कागदाची गुंडाळी लावलेले मोठाले कॅल्क्युलेटर असत आणि ते बंद पडले की दुरुस्त करणाऱ्याची वाट बघावी लागे.

अशाच कामासाठी बँकेत जाता-येता या तरुणानं पहिल्यांदा कॉम्प्युटर पाहिला. इतरांनीही तो पाहिलाच असेल. पण याच्या मनात आलं, की हे यंत्र आलं म्हणजे आपलं कॅल्क्युलेटरचं काम फार दिवस टिकायचं नाही. मला या माणसाचं पहिलं कौतुक वाटतं ते इथं. पोटापाण्याचं कसब हातात आहे, चार पैसे मिळताहेत, आणि अशा वेळी ‘हे जाणार’ हे स्वतःशी कबूल करणं सोपं नसतं. १९९० साली त्यांनी १५,००० रुपये घालून स्वतःचं दुरुस्तीचं दुकान काढलं. कॅल्क्युलेटर दुरुस्त करता करता कॉम्प्युटरची दुरुस्ती शिकून घेतली आणि १९९३ मध्ये ‘कॅट कॉम्प्युटर सर्व्हिसेस’ या नावानं ते काम सुरू केलं.

आता धाकट्या भावाची गोष्ट. धाकटे संजय. त्यांनी कॉम्प्युटरचंच शिक्षण घ्यावं असा थोरल्याचा आग्रह होता. थोरला मिळवता झाला होता, म्हणून धाकटा पुण्याच्या मॉडर्न कॉलेजात शिकू शकला. आपल्याकडे हे काही नवीन नाही. किती घरांतून थोरल्या मुलानं, आणि त्याहून जास्त वेळा थोरल्या मुलीनं, स्वतःची पुस्तकं मिटून धाकट्यांची फी भरलेली आहे! वेगळेपण असेल तर इतकंच, की इथं फी भरणाऱ्याला त्या शिक्षणाचं पुढं काय करायचं तेही दिसत होतं.

त्या दिवसांत कॉम्प्युटरला ‘व्हायरस’ची लागण होऊ लागली होती. हा काही खराखुरा जंतू नव्हे. तो एक लबाड प्रोग्रॅम असतो. तो फ्लॉपीतून एका यंत्रातून दुसऱ्यात जायचा, स्वतःच्या प्रती काढायचा आणि साठवलेली माहिती नासवायचा. ‘मायकेलअँजेलो’ नावाचा एक व्हायरस वर्षभर गप्प बसून नेमका ६ मार्चला जागा व्हायचा. गंमत बघा, पीसीवरचा पहिला व्हायरस म्हणून ज्याचं नाव घेतात तो ‘ब्रेन’, तोही दोन भावांनीच लिहिला होता. लाहोरच्या बासित आणि अमजद फारुख अल्वी यांनी, १९८६ साली. आपल्या सॉफ्टवेअरच्या चोरून प्रती कोणी काढू नयेत, एवढाच त्यांचा हेतू होता. त्यात त्यांनी दुकानाचा पत्ता आणि फोन नंबरसुद्धा घातला होता! पण फ्लॉपी हातोहात फिरल्या आणि ते प्रकरण देशोदेशी पसरलं.

पुण्यातल्या या दुकानात लागण झालेले कॉम्प्युटर दुरुस्तीला येऊ लागले. साफ करून दिलेलं यंत्र काही दिवसांनी पुन्हा तीच तक्रार घेऊन येई. संजय यांनी अशा व्हायरसांवर उपाय करणारे छोटे प्रोग्रॅम लिहिले. व्हायरसची एखादी ठरावीक खूण शोधायची, त्या खुणेवरून तो यंत्रात कुठं दडलाय ते हुडकायचं आणि बाहेर काढायचं, अशी ती रीत. नवीन व्हायरस आला की त्याची खूण यादीत घालायची. म्हणून तर हे औषध सतत ताजं करावं लागतं. आपण लोणच्यावरचं तेल बघतो तसंच. एकदा घातलं आणि विसरलो, असं चालत नाही.

मैत्रिणींनो, मला या साऱ्या हकिगतीत सर्वांत मोलाची वाटते ती यापुढची पायरी. नीट विचार करा. यंत्र बिघडतंय, गिऱ्हाईक परत येतंय, दर खेपेला दुरुस्तीचे पैसे मिळताहेत. दुकानदाराच्या दृष्टीनं यात वाईट काय आहे? उलट गिऱ्हाइकाच्या हातात उपाय दिला, तर त्याची आपल्या पायरीवरची खेप कमी होणार. तरीही या भावांनी १९९५ मध्ये ते औषधच विकायला काढलं. नाव ठेवलं ‘क्विक हील’, म्हणजे झटकन बरं करणारं. परदेशी कंपन्यांची तशी उत्पादनं महाग होती. यांनी किंमत ठेवली सुमारे ७०० रुपये. घरातलं आजारपण निस्तरणं आणि पाणी उकळून ठेवणं, यांत जो फरक आहे तोच हा. निस्तरणारे पुष्कळ असतात. ‘हे पुन्हा पुन्हा का होतंय?’ असं विचारणारा विरळा.

पुढची वर्षं चढउताराची होती, पण ती भराभर सांगण्यासारखी आहेत. कंपनी पुण्याबाहेर पसरली. पत्नी अनुपमा याही कारभारात आल्या. २००७ मध्ये कंपनीचं नाव ‘क्विक हील टेक्नॉलॉजीज’ झालं. २०१० मध्ये सिकोया या नामांकित गुंतवणूक संस्थेनं ६० कोटी रुपये गुंतवले आणि फेब्रुवारी २०१६ मध्ये कंपनी शेअर बाजारात आली. पण तिथंही स्वस्थता नाही. २०१२ साली आलेल्या विंडोज ८ पासून व्हायरसपासून रक्षण करणारा प्रोग्रॅम कॉम्प्युटरमध्ये आधीच घालून मिळू लागला. घरगुती गिऱ्हाईक मग विकत कशाला घेईल? म्हणून कारखाने, बँका, कचेऱ्या यांच्या रक्षणासाठी ‘सेक्राइट’ नावानं वेगळं काम उभं करावं लागलं. बँकेतला तो पहिला कॉम्प्युटर पाहून पडलेला प्रश्न अशा रीतीनं पुन्हा दारात आला. आणखीही येईल.

आणि औषधालाही मर्यादा असतातच. पूर्वीचा चोर यंत्रात शिरायचा. आताचा फोन करून आपल्याकडूनच ओटीपी मागतो, किंवा पोलीस असल्याची बतावणी करून ‘डिजिटल अटक’ झाल्याचं सांगतो. अशी अटक कायद्यात नाहीच. आपण स्वतःच्या तोंडानं किल्ली सांगितली, तर कुठल्याही कुलपाचा काय उपयोग? पैसे गेलेच तर रडत न बसता लगेच १९३० या क्रमांकावर कळवावं. स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर हा आकडा लिहून ठेवा.

काटकरांची गोष्ट मी मुद्दाम काढली, कारण माझ्या धाकट्या जावेच्या मुलाचा प्रश्न सध्या आमच्या घरात आहे. दहावीला जेमतेम पास झाला. सुट्टीत एका मोबाइल दुरुस्तीच्या दुकानात जाऊ लागला, तो तिथंच रमला. जावेच्या डोळ्याला पाणी. घरातल्या पुरुषांपैकी एकानं तिची समजूत घातली, ‘अगं, दहावी शिकलेले कोट्यधीश झालेत!’ मला हे पटत नाही. शाळा सोडली म्हणून कोणी काटकर होत नाही. दहावी शिकलेल्या थोरल्याच्या शेजारी कॉलेज शिकलेला धाकटा बसला होता, तेव्हा ते औषध तयार झालं. एकाचे हात आणि एकाची विद्या, दोन्ही लागलं.

पण गेल्या आठवड्यात पोरगं जेवताना सांगत होतं, ‘काकू, एकाच गल्लीतले तीन फोन आले, तिन्ही चार्ज होत नव्हते. बघतो तर आत पीठ! तिघीजणी ओट्यावरच फोन चार्जिंगला लावतात. मी त्यांना सांगितलं, जागा बदला. तर मालक मला ओरडले. म्हणाले, असं सांगत सुटलास तर गिऱ्हाईक परत येईल कशाला?’

माझा हातातला घास तसाच राहिला. मार्कांच्या कागदावर हे कुठं लिहिलेलं नसतं.

मी जावेला म्हटलं, ‘त्याला कॉमर्सला ढकलू नकोस आणि नुसतं दुकानातही ठेवू नकोस. आयटीआयला इलेक्ट्रॉनिक्सचा फॉर्म भर. तिथून डिप्लोमाची वाट आहे. संध्याकाळी दुकानात जाऊ दे.’ ती म्हणाली, ‘ताई, फी भरीन हो, पण लोक विचारतील त्याचं काय?’ यावर माझा थोरला, जो नुकता नोकरीला लागलाय, एवढंच म्हणाला, ‘काकू, फी मी भरतो. लोकांचं तुम्ही बघा.’

फॉर्म भरायला अजून आठ दिवस आहेत. जाऊ विचार करते आहे. काल तिनं गुपचूप आपला फोन ओट्यावरून काढून खिडकीत चार्जिंगला लावलेला मी पाहिला.