उंटअळीवरचा राग

सोयाबीनच्या पानाला चार भोकं दिसली की लोहाऱ्याच्या शिवारात पाठीवर पंप चढतो. ही घाई मला खटकते. पाठीचा उंट करत चालणारी हिरवी अळी पानं खाते, हे कबूल. पण पान खाणं म्हणजे उतारा खाणं नव्हे. फुलोऱ्याआधी थोडाफार पाला गेला तर सोयाबीन नवी पानं फोडून ती तूट भरून काढतं. याउलट खोडमाशीची अळी आतून पोखरत जाते, झाड वरून हिरवंगार दिसतं आणि खोड चिरल्यावरच लालसर नागमोडी वाट सापडते. तिच्यावर मात्र कुणी एवढं चिडत नाही. जे दिसतं त्याचाच राग येतो.

उंटअळीची ही डोळ्यांत भरणारी चाल तिच्या पायांमुळे. बहुतेक इतर अळ्यांना मागच्या भागात पायांच्या पाच जोड्या असतात, हिला तीनच. मधला आधार नसल्यानं अंग कमानीसारखं उचलून पुढं न्यावं लागतं. अशीच कमान करत चालणाऱ्या खऱ्या लूपर अळीला मागं दोनच जोड्या, म्हणून ही 'सेमीलूपर', म्हणजे अर्धी लूपर. मादी पानामागं एकेक अंडं सुटं घालते, कोषही तिथंच पातळ रेशमात विणला जातो. आणि हिचा खरा वैरी पंपात नाही, हवेत आहे. श्रावणाची झड लागली की मेटाऱ्हिझियम रायली ही बुरशी अळीला धरते. अळी खाणं सोडते, कडक होते, आधी खडूसारखी पांढरी पडते आणि मग बीजाणू धरले की फिकट हिरवी. पानाला चिकटलेली ती वाळकी कांडी म्हणजे फुकटची फवारणी. आपण मात्र अळीनाशकात बुरशीनाशक मिसळून, वर टॉनिक घालून, एकाच पंपात ते मारतो आणि हा साथीदारही घालवतो.

यावर कुणी म्हणेल, पावसाच्या भरवशावर पीक सोडायचं का? आक्षेप रास्त आहे. आपल्याकडं ऑगस्टात कधीकधी मोठी उघडीप पडते आणि कोरड्या हवेत ही बुरशी पसरत नाही. शिवाय उंटअळी फुलांवर आणि कोवळ्या शेंगांवर गेली की झाड हिरवं राहून शेंगाच धरत नाहीत. तिथं माझं 'पान म्हणजे उतारा नव्हे' हे म्हणणं लंगडं पडतं. तेव्हा फवारा, पण एकच औषध, आणि तेही ओळीखाली कापड अंथरून, झाडं हलवून, मीटरभरात किती अळ्या पडतात ते मोजून. त्यात पांढऱ्या पडलेल्या किती, तेही मोजा.