फुशिमीची पाच पेल्यांची दुपार

जपानी भाषेत तांदळाला एकच शब्द पुरत नाही. शेतात उभे असते ते ‘इने’, कांडून घरात येतो तो ‘कोमे’ आणि शिजून वाडग्यात पडतो तो ‘गोहान’. आपल्या सीमाभागातल्या वाचकांना याचे फारसे नवल वाटणार नाही. कन्नडमध्येही भत्त, अक्की आणि अन्न असे तीन शब्द आहेतच. मराठीत मात्र शेतातलाही भात आणि ताटातलाही भात, मधल्या मुक्कामाला तेवढा तांदूळ. जपान्यांनी याच तांदळाला आणखी एक रूप दिले, ते म्हणजे साके. आपण ज्याला साके म्हणतो त्याला ते ‘निहोनशु’ म्हणजे जपानी मद्य म्हणतात. नुसता ‘साके’ हा शब्द तिकडे कुठल्याही मद्याला चालतो.

मद्याविषयी घरातल्या सगळ्यांनी वाचायच्या पानावर लिहावे का, असा प्रश्न काहींना पडेल. मलाही पडला होता. आमच्या आजोळच्या गावी दारूपायी बसलेली दोन घरे मी लहानपणी पाहिली आहेत. त्यामुळे हा विषय माझ्यासाठी कधीच चेष्टेचा नव्हता. फुशिमीत जे पाहिले ते सांगावेसे वाटते, तेही त्यामुळेच.

माझी भाची नोकरीनिमित्त ओसाकाला असते. दिवाळीच्या सुट्टीत आम्ही उभयता तिच्याकडे गेलो होतो. क्योटोची देवळे पाहून पाय दुखायला लागले, तेव्हा तिने साकेची चव घेण्याच्या एका कार्यक्रमात तीन जागा राखून ठेवल्या. दोन तास, पाच प्रकारचे साके, प्रत्येकाबरोबर एकेक पदार्थ आणि समजावून सांगायला इंग्रजी बोलणाऱ्या एक बाई. सौ. म्हणाली, “मी येईन, पण पेल्याला हात लावणार नाही.” भाची हसून म्हणाली, “मामी, तुमच्यासाठी अमाझाके सांगितलंय. त्यात अल्कोहोल नसतं.”

फुशिमी हा क्योटो शहराचा दक्षिणेकडचा भाग. सोळाव्या शतकाच्या अखेरीस तोयोतोमी हिदेयोशीने इथे किल्ला बांधला, नदीवरचे बंदर वाढले आणि ओसाकाशी होड्यांतून व्यापार सुरू झाला. पण गावाचे खरे धन जमिनीखाली आहे. ‘फुशिमी’ हे नाव पूर्वी ‘दडलेले पाणी’ अशा अर्थाच्या अक्षरांनीही लिहीत. इथल्या गोकोनोमिया देवळाच्या आवारात ८६२ साली सुगंधी पाण्याचा झरा फुटला, अशी कथा आहे. ते पाणी १९८५ साली जपान सरकारने निवडलेल्या शंभर उत्तम पाण्यांत आले. आजही माणसे कॅन आणि बाटल्या घेऊन ते भरून नेतात. साकेत ऐंशी टक्क्यांच्या आसपास पाणीच असते, तेव्हा कारखाने इथे का जमले हे वेगळे सांगायला नको. त्यांतला गेक्केइकान १६३७ सालचा आहे. कोबेजवळच्या नादा भागातले पाणी जड, म्हणून तिथला साके कडक. फुशिमीचे पाणी त्या मानाने मऊ, आंबण्याची क्रिया सावकाश चालते, म्हणून इथला साके सौम्य. यावरून नादाचा तो पुरुषी आणि फुशिमीचा तो बायकी, अशी जुनी म्हण आहे. सौ.ला ती अर्थातच आवडली नाही.

कालव्याकाठाने गेले की पांढरा गिलावा आणि काळ्या पडलेल्या लाकडी फळ्यांच्या जुन्या इमारती लागतात. दारावर सुगी वृक्षाच्या डहाळ्यांचा मोठा गोळा टांगलेला असतो, त्याला ‘सुगिदामा’ म्हणतात. नवा साके तयार झाला की हिरवा गोळा चढवतात. महिने जातील तसा तो वाळून तपकिरी होतो आणि साके किती मुरला ते रस्त्यावरूनच कळते.

आत एका लांब टेबलाभोवती आम्ही आठ जण बसलो. समोर पांढरे चिनी मातीचे पेले, तळाशी निळी वर्तुळे. ही वर्तुळे शोभेची नाहीत. पांढऱ्यावर साकेचा रंग दिसतो आणि निळ्याच्या कडेवर तो किती नितळ आहे ते कळते. शेजारी पाण्याचा मोठा ग्लास. दर घोटामागे पाणी प्यायचे, आणि ज्याला गिळायचे नसेल त्याच्यासाठी थुंकायचे भांडेही ठेवलेले होते.

पहिला पेला भरण्यापूर्वी बाईंनी तांदळाचे तीन छोटे ढीग दाखवले. पहिल्यात रोजच्या जेवणातला तांदूळ, त्याचा वरचा दहाएक टक्के भाग गेलेला. दुसऱ्यात ‘गिंजो’साठी घासलेला, साठ टक्के उरलेला. तिसऱ्यात ‘दाईगिंजो’चा, निम्माच उरलेला, मोत्यासारखा गोल. दाण्याच्या बाहेरच्या भागातली प्रथिने आणि चरबी गेली की वास स्वच्छ येतो. सौ.ने लगेच विचारले, “मग उरलेला निम्मा तांदूळ फेकून देतात?” अन्न टाकणे हे आमच्या घरात पाप. बाई म्हणाल्या, “फेकत नाही. कोंड्याचे तेल निघते, जनावरांना खाद्य होते आणि आतल्या पांढऱ्या पिठाच्या कुरकुरीत चकत्या करतात.” साके गाळल्यावर उरणारा चोथाही लोणच्याला आणि सूपला वापरतात. सौ.चे समाधान झाले.

तांदळाचे मद्य होते कसे? द्राक्षात साखर असतेच. बार्लीला मोड आणले की पिष्टाची साखर होऊ लागते. पण घासलेल्या तांदळाला मोड येत नाहीत. तिथे ‘कोजी’ नावाची बुरशी कामाला येते. वाफवलेल्या तांदळावर तिचे बीज भुरभुरतात आणि उबदार खोलीत दोनेक दिवस तो तांदूळ हाताने उलथापालथा करतात. कोजी पिष्टाची साखर करते आणि त्याच पिंपात यीस्ट त्या साखरेचे अल्कोहोल करते. दोन्ही कामे एका वेळी चालतात, हे साकेचे वैशिष्ट्य. पुढे तो टिकावा म्हणून तापवतात. तापवण्याच्या या रीतीच्या नोंदी सोळाव्या शतकातल्या आहेत, म्हणजे लुई पाश्चरच्या तीनशे वर्षे आधीच्या.

पहिला पेला थंडगार दाईगिंजोचा, सोबत मऊ तोफू आणि चिमूटभर मीठ. नाकाशी नेताच सफरचंदाचा वास आला. फळाचा त्यात अंशही नव्हता, हे सारे यीस्टचे काम. दुसरा ‘जुनमाई’, म्हणजे वरून अल्कोहोल न मिसळलेला. त्याच्याबरोबर शिबाझुके, म्हणजे वांगी आणि तांबड्या शिसोची पाने मिठात आंबवून केलेले क्योटोचे लोणचे. नुसत्या पेल्याला भाताच्या पेजेसारखी मवाळ चव होती. लोणच्याचा तुकडा चावून पुन्हा घोट घेतला तर तोच साके गोड लागला. साकेत अमिनो आम्ले भरपूर असतात. किकुनाए इकेदा या शास्त्रज्ञाने १९०८ साली कोम्बू या समुद्री वनस्पतीच्या काढ्यातून ‘उमामी’ नावाची चव वेगळी काढली, तिच्याशी याचे जवळचे नाते. म्हणून मिसो, लोणचे, मासे यांच्याशी साकेचे भांडण होत नाही.

तिसरा पेला मला सर्वांत जवळचा वाटला. ‘यामाहाई’ पद्धतीत विरजणाला लागणारी आंबट बाजू वरून घालत नाहीत, हवेतल्या आणि भांड्यातल्या जिवाणूंना सवडीने काम करू देतात. इडलीचे पीठ रात्रभर फुगते ते अशाच जिवाणूंमुळे. हा साके बाईंनी गरम पाण्यात भांडे ठेवून कोमट केला आणि मिसो लावून भाजलेले वांगे पुढे ठेवले. वांगे खाऊन सौ. म्हणाली, “हे तर आपल्या भरिताचं भावंड.” चौथा गढूळ पांढरा ‘निगोरी’, तिखट भुरभुरलेल्या भाजलेल्या कोंबडीबरोबर. पाचवा बरीच वर्षे मुरलेला, काकवीच्या रंगाचा, सोबत कडू चॉकलेटचा तुकडा.

साके किती गरम करावा याला तिकडे नावे आहेत. ५ अंशांना हिमाचा गारवा, १० अंशांना फुलांचा गारवा, ३० अंशांना उन्हाची ऊब, ३५ अंशांना माणसाच्या अंगाची ऊब, आणि मग ४०, ४५, ५० अंशांची वेगळी नावे. कन्नडमध्ये ज्याला ‘हद’ म्हणतात, ते नेमके कधी साधले हे सांगणारे हे शब्द.

सौ.चा अमाझाकेचा पेला एव्हाना दोनदा भरून झाला होता. “साखर किती घातली?” तिने विचारले. “साखर नाहीच. भात, कोजी, पाणी आणि काही तासांची ऊब,” बाई म्हणाल्या. बोलता बोलता त्यांचे गाल लाल झालेले दिसले. त्यांनी स्वतःच सांगितले की सुमारे चाळीस टक्के जपानी माणसांच्या शरीराला अल्कोहोल नीट पचत नाही. त्याही त्यांतल्याच, म्हणून चव घेतात आणि पेला ठेवून देतात. आपला पेला आपण भरायचा नाही, शेजाऱ्याचा भरायचा, ही तिथली रीत. नको असेल तर पेला भरलेलाच राहू द्यावा, कुणी आग्रह करत नाही. भाची मराठीत पुटपुटली, “मामा, ऑफिसच्या पार्टीत मात्र करतात.”

तिचे म्हणणे खरे आहे. जपानला दारूचा प्रश्न नाही असे चित्र रंगवणे चुकीचे ठरेल. साकेचा खप १९७० च्या दशकापासून उतरतो आहे. २०२२ साली तिथल्या कर खात्याने मद्याचा खप वाढवण्यासाठी तरुणांकडून कल्पना मागवल्या, तेव्हा बरीच टीका झाली. उलट आरोग्य खात्याने फेब्रुवारी २०२४ मध्ये सांगितले की रोज पुरुषांनी ४० ग्रॅम आणि स्त्रियांनी २० ग्रॅम किंवा अधिक शुद्ध अल्कोहोल घेतले तर जीवनशैलीच्या आजारांचा धोका वाढतो. साकेचा नेहमीचा १८० मिलीचा माप घेतला तर त्यातच सुमारे २२ ग्रॅम होते. आमचे पाच पेले मिळून १५० मिलीच्या आसपास होते. म्हणजे दोन तासांत, भरपूर पाणी आणि पाच पदार्थ यांच्यासह, एक मापही पुरे झाले नाही. आजोळच्या त्या घरांत मी जे पाहिले त्याच्याशी या दुपारीचे नाते लावणे मला जमत नाही. तिथे कुणी चव घेत नव्हते. पण फुशिमीतही ज्या घरात माप सुटत असेल, तिथे रडणारे कुणीतरी असणारच.

मी परत आणली ती बाटली नव्हे. एका बुरशीवर आणि तांदळावर हा समाज किती बारकाईने बोलतो, हे मनात घर करून राहिले. २००६ साली तिथल्या मद्यशास्त्राच्या संस्थेने कोजीला ‘राष्ट्रीय बुरशी’ म्हटले आणि डिसेंबर २०२४ मध्ये कोजीने मद्य करण्याची पारंपरिक विद्या युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत गेली. एके काळी कारखान्याच्या आत बायकांना मज्जाव होता. आज ‘तोजी’ म्हणजे मुख्य कारागीर म्हणून स्त्रियाही काम करतात.

आंबवण्याची विद्या आपल्याकडेही कमी नाही, आणि ती तर पहिल्यापासून बायकांच्याच हातात आहे. आंबील, जिला कन्नड घरात अंबली म्हणतात, ताकातले तंगळन्न, कुर्डयांसाठी तीन दिवस भिजवलेला गहू, थंडीत घोंगडीत गुंडाळलेले इडलीचे पीठ. या साऱ्याची मापे आणि नावे आजीबाईंच्या तोंडी आहेत, कागदावर नाहीत. सुट्टी संपल्यावर मी वर्गातल्या मुलांना एकच काम दिले. घरातल्या वडीलधाऱ्या बाईला विचारून एका आंबवलेल्या पदार्थाचे माप, वेळ आणि ‘हद आली’ हे ओळखायची खूण लिहून आणा, घरी ज्या भाषेत सांगतील त्याच भाषेत. बावीस कागद आले. काही मराठीत, काही कन्नडमध्ये, बरेचसे दोन्हींच्या सरमिसळीत. उरलेल्यांच्या आज्यांना अजून विचारायचे आहे.