दामदुपटीचे घर

‘घर पाहावे बांधून आणि लग्न पाहावे करून’ ही म्हण ज्यांनी रचली, त्यांच्या काळी घर बांधणे म्हणजे चुना, विटा, सागवान, गवंडी आणि सुतार यांच्याशी गाठ असे. हल्लीच्या मध्यमवर्गीय गृहस्थास यांपैकी कोणाचेही तोंड पाहावे लागत नाही. त्याची गाठ पडते ती कर्जाच्या कागदांशी. घर दुसराच कोणी बांधतो; गृहस्थाने बांधावयाचे असते ते स्वतःला, आणि तेही वीस-वीस, तीस-तीस वर्षांसाठी. या बांधणीचा हिशेब आपल्या सुशिक्षित कुटुंबांतून किती बारकाईने होतो, हे पाहू गेल्यास मौज वाटते आणि खेदही होतो. सदनिकेचे क्षेत्रफळ, पूर्वेची खिडकी, वाहनतळाची जागा यांवर महिनेच्या महिने खल होतो. कर्जाविषयी मात्र एकच प्रश्न विचारला जातो : ‘हप्ता किती पडेल?’ हप्ता झेपतो असे दिसले की प्रश्न मिटला. ‘एकंदर किती भरावे लागेल?’ आणि ‘किती वर्षे?’ हे दोन प्रश्न मनात आले तरी ओठांवर येत नाहीत.

आम्ही कर्जाचे निंदक नव्हे, हे आरंभीच सांगितले पाहिजे. मागच्या पिढीत घर व्हावयाचे ते बहुधा निवृत्तीनंतर, भविष्यनिर्वाह निधीची रक्कम हाती आल्यावर. ज्या मुलांसाठी ते बांधावयाचे, ती तोपर्यंत आपापल्या वाटेने गेलेली असत. १९७७ साली हसमुखभाई पारेख यांनी गृहकर्जासाठीच म्हणून एच. डी. एफ. सी. ही संस्था काढली, आणि पगारदार माणसाला ऐन उमेदीत स्वतःचे छप्पर मिळण्याची वाट पुढे रुळत गेली. ही गोष्ट लहान नव्हे. परंतु चांगल्या वस्तूचीही किंमत विचारून घ्यावी लागते. आणि येथे ती किंमत वस्तूवर चिकटवलेली नसते.

एक साधे उदाहरण घेऊ. ५० लाख रुपये कर्ज, दर साल दर शेकडा साडेआठ व्याज, मुदत २० वर्षे. हप्ता येतो दरमहा ४३,३९१ रुपये. त्यास २४० महिन्यांनी गुणले म्हणजे सुमारे १ कोटी ४ लाख १४ हजार रुपये होतात. म्हणजे ५० लाखांच्या मुद्दलावर ५४ लाखांहून अधिक व्याज. पहिल्याच हप्त्याची फोड केली तर त्यांतील ३५,४१७ रुपये व्याजाचे असतात आणि मुद्दलात पडतात ते अवघे ७,९७४. पहिल्या वर्षी गृहस्थ ५ लाख २० हजार भरतो, आणि वर्षाच्या शेवटी कर्ज कमी झालेले असते ते एका लाखाहूनही थोडे कमीच. मुद्दलाचा अर्धा भाग फिटतो तो १६६ व्या हप्त्यास, म्हणजे तेरा वर्षे दहा महिन्यांनी. दहा वर्षे नेमाने हप्ते भरलेला मनुष्य ‘अर्धे कर्ज फिटले’ असे समाधानाने म्हणतो. त्यास अजून जवळजवळ चार वर्षांची वाट त्या अर्ध्यापर्यंत चालावयाची असते.

यात कोणाची लबाडी आहे असे नव्हे. व्याज हे शिल्लक मुद्दलावर चढते. आरंभी मुद्दल मोठे, म्हणून व्याज मोठे. हप्ता सारखा ठेवावयाचा, म्हणून आरंभी मुद्दलाच्या वाट्यास थोडे. हे शाळेतील अंकगणित आहे. तथापि शाळेत शिकलेले अंकगणित स्वतःच्या घरास लावावयाचे धैर्य फार थोड्यांस असते.

आपल्या पूर्वजांस व्याजाचे हे वाढणे चांगले ठाऊक होते. त्यावर त्यांनी बांध घातला, तो दामदुपटीचा. एका वेळी वसूल करावयाचे थकलेले व्याज मुद्दलाहून अधिक असता कामा नये, हा धर्मशास्त्राचा दंडक मुंबई इलाख्यात इंग्रजी न्यायालयांनीही हिंदू ऋणकोंच्या बाबतीत मानला होता. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात हाच नियम आहे. परंतु तेथे एक लहानसा शब्द आहे, त्याकडे लक्ष वेधावेसे वाटते. ‘एकदम’ घेतलेले व्याज दुपटीच्या पुढे जाऊ नये, असे तेथे म्हटले आहे. महिन्या-महिन्यास थोडे थोडे घेतलेले व्याज मुद्दलाच्या कितीही पुढे गेले तरी तो बांध त्यास आडवा येत नाही. वरच्या उदाहरणातील गृहस्थ दामदुपटीहूनही चार लाखांवर अधिक भरतो, आणि त्याच्या ते ध्यानातही येत नाही. कारण तो ते एकदम भरीत नाही. थेंबे थेंबे तळे साचते हे खरे, पण थेंबे थेंबे ते आटतेही.

१८७५ साली पुणे जिल्ह्यातील सुपे गावी शेतकऱ्यांनी सावकारांची कर्जखते जाळली. त्या दंग्यामागे जी गाऱ्हाणी होती, त्यांत न वाचता येणाऱ्या कागदावर अंगठा उठविल्याचे गाऱ्हाणे मोठे होते. आजच्या ऋणकोस कागद वाचता येतो. इंग्रजीही उत्तम येते. तरीही तो चाळीस पानांच्या करारावर दिसेल तेथे सही करतो आणि पेढ्यांचा पुडा घेऊन घरी जातो. निरक्षरतेचे दुःख समजण्यासारखे होते. साक्षराच्या या न वाचण्यास काय म्हणावे?

खरा प्रश्न दराचा नाही, मुदतीचा आहे, असे आमचे मत होत चालले आहे. दर पाव टक्क्याने कमी व्हावा म्हणून आपण चार बँकांचे उंबरठे झिजवितो. मुदत मात्र समोरचा अधिकारी सुचवील ती घेतो. तेच ५० लाख, तोच साडेआठ टक्के दर. मुदत १५ वर्षांची केली तर हप्ता ४९,२३७ होतो आणि एकंदर व्याज सुमारे ३८ लाख ६३ हजार. मुदत ३० वर्षांची केली तर हप्ता ३८,४४६ वर उतरतो आणि व्याज चढते ८८ लाख ४० हजारांवर. वीस वर्षांऐवजी तीस घेणाऱ्याचे महिन्यास ४,९४५ रुपये वाचतात, आणि त्या वाचलेल्यापोटी तो पुढे ३४ लाख रुपये जादा व्याज देतो. त्याच्या पहिल्या हप्त्यातील मुद्दलाचा भाग असतो केवळ ३,०२९ रुपये. घराचा मालक म्हणविणारा हा गृहस्थ पहिली कित्येक वर्षे वस्तुतः पैशाचे भाडे भरीत असतो.

शिवाय दर स्थिर असतो असेही नाही. मे २०२२ पासून फेब्रुवारी २०२३ पर्यंतच्या दहा महिन्यांत रिझर्व्ह बँकेने आपला रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहा टक्क्यांवर नेला. या दराशी जोडलेली गृहकर्जे त्याबरोबर वर चढली. आता असे समजा की कोणी ७ टक्के दराने ५० लाख वीस वर्षांसाठी घेतले, हप्ता ३८,७६५. दर अडीच टक्क्यांनी वाढून साडेनऊ झाला, तर त्या पन्नास लाखांवर महिन्याचे नुसते व्याजच ३९,५८३ होते. हप्ता तोच ठेवला तर तो व्याजासही पुरत नाही; म्हणजे मनुष्य जन्मभर भरीत राहील आणि कर्ज वाढत राहील. पुष्कळांस त्या वर्षी हप्ता न वाढल्याचे समाधान वाटले. मुदत गुपचूप लांबली होती हे मागाहून कळले. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने बँकांस बजावले की दर बदलताना हप्ता वाढवावा की मुदत, ही निवड ऋणकोस द्यावी, आणि मुदत वाढवूनही व्याज न भागेल अशी अवस्था येऊ देऊ नये. ही निवड हाती आल्यावर तरी ती डोळे उघडे ठेवून करावी.

यावर आमचे अर्थशास्त्रज्ञ मित्र हसून म्हणतील की, वीस वर्षांपूर्वीचा रुपया आणि वीस वर्षांनंतरचा रुपया यांची बेरीज करणे हेच मुळी अडाणीपणाचे आहे. आक्षेप रास्त आहे. महागाई दर साल पाच टक्के धरली तर वीस वर्षांनंतरच्या ४३,३९१ रुपयांची आजची किंमत साडेसोळा हजारांहून कमीच भरते. पगार वाढतो, हप्ता बव्हंशी तेथेच राहतो. घर घेतले नसते तर भाडे द्यावेच लागले असते, हेही खरे. जुन्या करपद्धतीने विवरण भरणाऱ्यास राहत्या घराच्या व्याजावर वर्षास दोन लाखांपर्यंत वजावट मिळते. नव्या पद्धतीत ती मिळत नाही. आणि तीस वर्षांची मुदत घेऊन वाचलेले ४,९४५ रुपये जो दरमहा न चुकता साडेआठ टक्क्यांहून अधिक फळ देणाऱ्या ठिकाणी गुंतवील, त्याचे काही नुकसान नाही, हे आम्ही मान्य करतो. परंतु असा पुरुष आम्ही ग्रंथांत अधिक वेळा पाहिला आहे आणि शेजारी फार क्वचित. एरवी ते पाच हजार मोठ्या गाडीत, मोठ्या पडद्यात आणि उपाहारगृहात विरून जातात. राहतात ती फक्त दहा वर्षे.

ही वर्षे हीच कर्जाची खरी किंमत होय. मध्यंतरी आमचा एक जुना विद्यार्थी भेटावयास आला. संगणकाच्या धंद्यात चांगल्या पगारावर आहे, पत्नीही मिळवती. त्याला एका संशोधनसंस्थेत मनाजोगे काम चालून आले होते, पगार मात्र निम्मा. “घेतलेस का?” असे विचारता तो म्हणाला, “सर, इच्छा फार होती. पण हप्ता दोघांच्या पगारावर बसवलेला आहे. अजून तेवीस वर्षं आहेत.” हे तो तक्रारीच्या सुरात बोलला नाही, आणि म्हणूनच ते आमच्या मनास लागले. त्याचे घर सुरेख आहे, वर्तणूक निर्दोष आहे, एकही हप्ता चुकलेला नाही. बँकेच्या वहीत त्याच्याविषयी उणा शब्द सापडणार नाही. त्याने जे गमावले त्याची नोंद कोणत्याही वहीत नाही. नको असलेल्या वरिष्ठास नकार देण्याची मोकळीक, आजारी आईसाठी वर्षभर रजा घेण्याची मोकळीक, चाळिशीत नवे काही शिकण्याची मोकळीक, या गोष्टींवर व्याजाचा दर लिहिलेला नसतो. पण गहाण पडतात त्या ह्याच. जुन्या कागदांत नजरगहाण आणि ताबेगहाण असे दोन प्रकार असत. नजरगहाणात मिळकतीचा ताबा ऋणकोकडेच राही. आजच्या घराचा ताबाही ऋणकोकडेच असतो. ताबा जातो तो त्याच्या पुढच्या वर्षांचा.

मग करावे काय? कर्ज घेऊ नये असे आम्ही म्हणत नाही. घेण्यापूर्वी हप्त्याचा आकडा बाजूस ठेवून एका कोऱ्या कागदावर तीन गोष्टी लिहाव्या : एकंदर किती रुपये जातील, शेवटचा हप्ता कोणत्या साली पडेल, आणि त्या साली आपले वय काय असेल. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या नव्या कर्जांच्या बाबतीत सर्व खर्च धरून येणारा वार्षिक दर आणि हप्त्या-हप्त्याची फोड दाखविणारे पत्रक ऋणकोस देणे बंधनकारक आहे. ते पत्रक नवरा-बायकोने एकत्र बसून, घराचे नकाशे पाहतात तितक्याच आवडीने वाचावे. हप्ता दोघांच्या पगारावर न बसविता शक्यतो एकाच्या पगारावर बसेल इतके घर घ्यावे. एक खोली कमी पडली तरी चालेल.

कर्ज आधीच घेतले असेल तरीही पुष्कळ हाती आहे. दर उतरला म्हणजे हप्ता कमी करून घेण्याचा मोह टाळून तो होता तेवढाच भरावा. फिरत्या दराच्या गृहकर्जाची मुदतीपूर्वी फेड केल्यास व्यक्तींकडून बँकांनी दंड घेऊ नये, असा रिझर्व्ह बँकेचा नियम २०१२ पासून आहे. वरच्या वीस वर्षांच्या उदाहरणात दरमहा हप्त्याच्या बाराव्या भागाइतके, म्हणजे ३,६१६ रुपये, आरंभापासून जादा भरले तर कर्ज साडेसोळा वर्षांत फिटते आणि अकरा लाखांच्या आसपास व्याज वाचते. जादा भरणा जितका लवकर, तितका त्याचा गुण अधिक. कारण पहिल्या वर्षी भरलेला रुपया पुढची सगळी वर्षे आपल्या बाजूने राबतो. मात्र सहा महिन्यांच्या खर्चाची शिल्लक मोडून कोणी ही घाई करू नये. आजारपण हप्त्याचा दिवस पाहून येत नाही.

ऋण, अग्नी आणि वैर यांचा शेष ठेवू नये, असे जुने लोक सांगत. आजच्या संसारात ऋणाचा शेष काही वर्षे ठेवावाच लागतो, हे आम्ही जाणतो. परंतु तो किती वर्षे ठेवावयाचा, हे बँकेच्या तक्त्याने ठरवू नये. ते ज्याची ती वर्षे आहेत त्याने ठरवावे.