ही गोष्ट कुणाची?

१९५२ सालचा 'पांढरे रेनडिअर' हा फिनलंडचा चित्रपट आम्ही घरी बसून पाहिला. संपल्यावर पत्नीने विचारले, "ही गोष्ट कुणी लिहिली हो?"

आम्ही सवयीने म्हणालो, "दिग्दर्शकाने. एरिक ब्लुमबेर्ग."

तिचे समाधान झाले नाही. "नवरा सारखा कळपामागे बाहेर, आणि घरात एकटी नवी नवरी. पुरुषाला हे इतके कसे कळले?"

आम्ही सुरुवातीची नावे पुन्हा लावली. पटकथेला दोन नावे होती. दुसरे मिर्यामी कुओस्मानेन, ब्लुमबेर्ग यांच्या पत्नी. चित्रपटातली पिरिताही त्याच. तासभर आम्ही त्यांचा चेहरा पाहिला, लेखणी पाहिलीच नव्हती.

लॅपलंडच्या बर्फातली ही कथा. नवऱ्याचे मन आपल्याकडे वळावे म्हणून पिरिता एका मांत्रिकाकडे जाते. नवऱ्यानेच भेट दिलेल्या पांढऱ्या पाडसाचा बळी देते. मग ती स्वतःच पांढरे रेनडिअर होऊन पुरुषांना मृत्यूकडे ओढते आणि शेवटी नवऱ्याच्याच भाल्याने मरते. चेटकिणींच्या गोष्टी आपल्याकडेही कमी नाहीत. पण चेटकीण होण्याआधी ती बाई एकटी होती, हे सांगणाऱ्या फार थोड्या.

१९५३ साली कान महोत्सवात जाँ कॉक्तो यांच्या अध्यक्षतेखालील परीक्षकांनी चित्रपटाला पारितोषिक दिले. १९६३ मध्ये मिर्यामी वारल्या.

त्या देशात बाईने दिग्दर्शन केलेच नाही असे नव्हे. १९३६ मध्ये ग्लोरी लेप्पानेन, १९४४ मध्ये आन्सा इकोनेन, १९६१ मध्ये रित्वा आर्वेलो. आर्वेलोंनी मारिया योतुनी या लेखिकेच्या 'सोन्याचे वासरू' या नाटकावर चित्रपट केला. पण इतक्या वर्षांत अशी नावे बोटांवर मोजावी लागतात. बाकीच्या बायका कुठे होत्या? काही जणी पटकथेच्या दुसऱ्या नावात होत्या. चित्रपट म्हणजे दिग्दर्शकाचा, हा हिशेब आमच्यासारख्या प्रेक्षकांनीच मांडून ठेवलेला.

आमच्या कथांतल्या बायका काय बोलतील, हे गेली तीस वर्षे आम्ही पत्नीलाच विचारत आलो. ती सांगते, आम्ही लिहितो. छापून येते तेव्हा नाव एकच असते. त्या रात्री तिने हे बोलून दाखवले नाही. आम्हालाही धीर झाला नाही.

हा लेख मात्र तिच्या प्रश्नाने सुरू केला आहे. तो प्रश्न आमचा नव्हता, एवढे तरी लिहून ठेवतो.