तोट्याचे साल

अमेरिकेतील मिशिगन विद्यापीठाचा फुटबॉल संघ २००८ साली बारांपैकी नऊ सामने हरला. सांगलीच्या पेठेत हळद-गुळाच्या व्यवहारात जन्म घालविलेल्या माणसाला या गोष्टीशी काय देणेघेणे, असे वाचक विचारतील. त्या वर्षी दशलक्षण पर्व आटोपून आम्ही उभयता मुलीकडे अ‍ॅन आर्बरला गेलो होतो, आणि त्या गावात त्या दिवसांत दुसरा विषयच नव्हता. न्यूयॉर्कमधील लेहमन ब्रदर्स नुकतीच बुडाली होती, शेजारच्या डेट्रॉइटमधील मोटार कारखान्यांची स्थिती दिवसेंदिवस खालावत होती. पण किराणा दुकानातील माणूसही सुटे पैसे परत करताना शनिवारच्या सामन्याविषयी हळहळत असे.

हा खेळ आपल्याकडील फुटबॉल नव्हे. चेंडू हातात धरून पळायचा, फेकायचा आणि वाटेतल्या माणसांनी अंगावर कोसळून तो अडवायचा, असा त्याचा प्रकार. मला तो पाहवत नसे. सौभाग्यवतींनी तर पहिल्याच दिवशी खोलीचे दार लावून घेतले. मला त्यात गुंतविले ते खेळाने नव्हे, तर जावयांनी सांगितलेल्या हिशोबाने.

देशात सर्वाधिक विजय नोंदविणारी ही महाविद्यालयीन पेढी. १९६७ नंतर तिने तोट्याचा एकही हंगाम पाहिलेला नव्हता. सलग ३३ वर्षे हंगामानंतरच्या मानाच्या ‘बोल’ सामन्याचे निमंत्रण तिला मिळत आले होते. तेरा वर्षे धुरा वाहिलेले लॉइड कार निवृत्त झाले आणि वेस्ट व्हर्जिनियाहून रिच रॉड्रिग्ज यांना आणण्यात आले. जुना करार मोडल्याबद्दल वेस्ट व्हर्जिनियाला ४० लाख डॉलर मोजावे लागले. त्यांतील २५ लाख मिशिगनने दिले आणि उरलेले त्यांनी स्वतः. त्या वेळच्या भावाने एकूण रक्कम सतरा कोटी रुपयांच्या घरात जाते. एवढी पागडी देऊन आणलेला माणूस पहिल्याच वर्षी तीन विजय आणि नऊ पराभव पदरात टाकतो, हे ऐकून माझे कान टवकारले.

कारण माझ्या घरी तेच चालले होते. २००७च्या दिवाळीत पेढीच्या चाव्या मी थोरल्या मुलाकडे दिल्या. त्याने अडत बंद केली आणि हळद दळून, पुड्यांत भरून थेट दुकानदारांना विकण्याचा उद्योग मांडला. दिवाणजी, तोलार, हमाल हे सारे अडतीत मुरलेले. लिलावात बोटांच्या खुणांनी भाव ठरविणाऱ्या माणसाला शहरोशहरी फिरून पुड्या खपवायला सांगितले, तर तो काय करणार? वर्षअखेर तोटा आला. धाकटे बंधू भागीदार. त्यांचे फोन मला अमेरिकेतही येत.

रॉड्रिग्ज यांचे नेमके तसेच झाले होते. मिशिगनची जुनी रीत भारदस्त देहांची भिंत उभी करून, तिच्यामागे स्थिर राहून चेंडू फेकण्याची. यांची रीत मैदानभर विखुरण्याची, वेगाची. तिच्यात सूत्रधार खेळाडू स्वतः चेंडू घेऊन पळतो. दमदार हाताचा तरुण सूत्रधार रायन मॅलेट संघ सोडून आर्कान्सासला गेला. जेक लाँग हा तर त्या वर्षीच्या व्यावसायिक निवडीत पहिल्या क्रमांकावर उचलला गेला. उरलेल्यांना जी विद्या येत होती ती नव्या गुरूला नको होती, आणि हवी होती ती त्यांच्याकडे नव्हती. माझे मत तेव्हाही असे होते, आजही आहे, की माल हाती येण्याआधी जुने गिऱ्हाईक तोडू नये. पण जावयांनी एक गोष्ट सांगितली तिने मी थबकलो. वेस्ट व्हर्जिनियातही या माणसाचे पहिले वर्ष तीन विजय आणि आठ पराभवांचे होते. दुसऱ्या वर्षी त्याने नऊ सामने जिंकले.

२७ सप्टेंबरला विस्कॉन्सिनविरुद्ध मध्यंतराला ०-१९ असे पिछाडीवर असूनही संघ २७-२५ने जिंकला, तेव्हा दिवाणखान्यात मीही टाळ्या वाजविल्या. पुढे ११ ऑक्टोबरला जावयांनी मला मैदानावर नेले. एक लाखाहून अधिक माणसे, आणि समोर तासाभराच्या अंतरावरील टोलेडोचा दुय्यम गटातील संघ. अशा गटातील संघाशी मिशिगन तोवर कधीच हरलेले नव्हते. सामना १०-१३ असा गेला. शेवटच्या क्षणी जवळून मारलेली लाथ चुकली, आणि एवढा जनसमुदाय निःशब्द उठून चालू लागला. कुणी शिवी दिली नाही. शेजारचे वृद्ध गृहस्थ निळे पांघरूण घडी करीत जावयांना एवढेच म्हणाले, की मुले आमचीच आहेत.

त्या रात्री मी सांगलीला फोन केला. मुलगा म्हणाला, “अण्णा, धाकटे काका वहीपूजनाआधी निर्णय मागत आहेत.” मी त्याला तीन वर्षांची मुदत दिली आणि बंधूंनाही तसे कळविले. ते फार वेळ काही बोलले नाहीत.

मिशिगननेही तीनच वर्षे दिली. पुढचे साल पाच-सात, त्यानंतरचे सात-सहा. जानेवारी २०११ मध्ये रॉड्रिग्ज यांना निरोप मिळाला. त्यांनीच आणलेल्या डेनार्ड रॉबिन्सन या चपळ सूत्रधाराला घेऊन नवे प्रशिक्षक ब्रॅडी होक यांनी त्याच वर्षी अकरा सामने जिंकले. लावणी एकाची, मळणी दुसऱ्याची.

ही बातमी मुलीने फोनवर सांगितली तेव्हा आमच्या मुलाचे चौथे वर्ष चालू होते. तिसऱ्या वर्षाच्या ताळेबंदात नफा नव्हता, पण तोटाही नव्हता. बंधूंनी आपला हिस्सा मागितला. गावभागातील जागा विकून मी तो पूर्ण दिला आणि चाव्या मुलाकडेच ठेवल्या. दिवाणजी मात्र बंधूंबरोबर गेले. त्यांच्या नव्या दुकानात अजूनही अडतच चालते.