बदकाच्या पिल्लांचे आजार : एका कळपाचे पहिले आठ आठवडे

बदकाचे पिल्लू निरोगी आहे की नाही, हे ते एकटे पाहून कळत नाही, कळपात पाहून कळते. निरोगी पिल्ले सगळे काही मिळून करतात. एक पाण्याकडे निघाले की बाकीची रांगेने मागे जातात, एक बसले की सगळी एकमेकांना टेकून बसतात. त्यांचे डोळे स्वच्छ आणि टपोरे असतात, नाकपुड्या मोकळ्या असतात, शेपटीखालची लव कोरडी असते आणि चालताना दोन्ही पाय अंगाखाली सरळ पडतात. या रांगेतून जे मागे राहते, खाद्याच्या भांड्यापाशी शेवटी पोचते किंवा बाकीची उठली तरी बसून राहते, ते आजारी आहे असे धरून चालावे. पक्षी दुखणे अंगावर काढतात. पिल्लू मलूल दिसू लागते तेव्हा बराच वेळ निघून गेलेला असतो.

प्रस्तुत लेखिकेने दक्षिण कोकणातल्या घराच्या परड्यात एका पावसाळ्यात खाकी कॅम्पबेल जातीची चौदा पिल्ले वाढवली. घरात कोंबड्या पूर्वापार होत्या. बदके पहिल्यांदाच आली. त्या आठ आठवड्यांत जी दुखणी निघाली, त्यांतल्या बहुतेकांचे मूळ एकच होते. बदकाच्या पिल्लाला कोंबडीचे पिल्लू समजून वाढवले गेले. ती दुखणी आणि त्यांवरचे उपाय इथे पिल्लांच्या वयाच्या क्रमाने दिले आहेत.

पहिल्या आठवड्यात सर्वांत मोठा धोका गारठ्याचा असतो. या दिवसांत पिल्लांच्या अंगाशी ३० ते ३२ अंश सेल्सिअस ऊब लागते. पुढे दर आठवड्याला ती सुमारे तीन अंशांनी कमी करत न्यावी. थर्मामीटर नसला तरी पिल्ले स्वतःच सांगतात. ती बल्बखाली एकमेकांवर चढून चिवचिवत असतील तर ऊब कमी आहे. बल्बपासून लांब, चोच उघडी टाकून धापा टाकत असतील तर जास्त आहे. सगळीकडे पांगून निवांत बसली असतील तर ठीक आहे. याच दिवसांत बेंबीही पाहावी. ती ओली, सुजलेली आणि वास मारणारी असेल, पोट फुगून मऊ लागत असेल, तर अंड्यातून बाहेर येतानाच जंतुसंसर्ग झालेला असतो. अशी पिल्ले क्वचितच वाचतात. त्यांना वेगळे काढून जागा कोरडी करणे आणि पशुवैद्यकाला दाखवणे एवढेच हाती असते.

बदक पाण्यातले, म्हणून पिल्लू पहिल्या दिवसापासून पोहते, हा समज घातक आहे. आईच्या पंखाखाली वाढणाऱ्या पिल्लाच्या लवेला तिच्या अंगचे तेल लागते, त्यामुळे पाणी आत शिरत नाही. यंत्रात उबवलेल्या किंवा खुडूक कोंबडीखाली काढलेल्या पिल्लांना ते तेल मिळत नाही आणि शेपटीच्या मुळाशी असलेली त्यांची स्वतःची तेलग्रंथी पहिले काही आठवडे पुरेसे काम करत नाही. कोकणात बदकाची अंडी कोंबडीखाली ठेवण्याची रीत आहे. कोंबडीचे पिल्लू २१ दिवसांत निघते, बदकाचे २८ दिवसांत, म्हणून कोंबडीला आठवडाभर जास्त बसावे लागते. आणि एवढे करून निघालेली पिल्ले पाण्यापुरती पोरकीच असतात.

चौथ्या दिवशी घरातल्या मुलांनी हौसेने पिल्ले घंगाळात सोडली. पाच मिनिटांत एका पिल्लाची लव चिंब होऊन अंगाला चिकटली, मान खाली गेली, पाय थंडगार पडले. अशा वेळी आधी पाणी टिपून घ्यावे, मग सुती कापडात गुंडाळून बल्बखाली किंवा अंगाच्या उबेत हळूहळू गरम करावे. गार पडलेल्या पिल्लाच्या तोंडात काहीही घालू नये, कारण त्याला गिळता येत नाही आणि घास किंवा पाणी श्वासनलिकेत जाते. ते मान उचलू लागले की गुळाच्या कोमट पाण्याचे थेंब चोचीच्या कडेला लावावेत. हे पिल्लू तासाभराने उठून उभे राहिले. त्यानंतर पिसे फुटेपर्यंत कळपाला पोहायला सोडले नाही.

पोहायला पाणी नको असले तरी प्यायला खोल पाणी हवेच. पिल्लाला नाकपुड्यांपर्यंत चोच बुडवता आली पाहिजे, म्हणजे खाद्याचा लगदा धुऊन निघतो. कोंबडीच्या पिल्लांचे उथळ भांडे ठेवले तर नाकपुड्या बुजतात, डोळ्यांना फेस येतो आणि पापण्या चिकटतात. कोरडा भरडा घशात अडकून पिल्लू मान ताणू लागते तेही याचमुळे. खोल भांड्यात दोन-तीन गोटे टाकले की पिल्लू बुडत नाही. डोळे चिकटले असतील तर अर्धा लिटर पाण्यात सपाट चमचाभर मीठ घालून उकळावे, कोमट झाल्यावर कापसाच्या बोळ्याने दिवसातून दोन-तीनदा पुसावे. भांडे बदलल्यावर दोन-तीन दिवसांत फरक पडायला हवा. फरक पडला नाही आणि नाकही वाहू लागले, तर तो संसर्ग समजावा.

दुसऱ्या आठवड्यात पायांची दुखणी दिसू लागतात. सुरुवातीला पसरलेल्या वर्तमानपत्रावर दोन पिल्लांचे पाय फाकू लागले होते. गुळगुळीत जमिनीवर पाय निसटत राहिले की सांधे बाहेरच्या बाजूला वळतात. हे लवकर लक्षात आले तर दोन्ही पायांमध्ये नेहमीचे अंतर राहील अशा बेताने मऊ चिकटपट्टीचा आठाच्या आकड्यासारखा सैल फास घालावा. वर्तमानपत्र काढून गोणपाट किंवा भाताचा तूस घातला की तीन-चार दिवसांत पाय सावरतात.

अकराव्या दिवशी दिसलेले दुखणे मात्र वेगळे होते. एक पिल्लू खाद्याकडे निघाले, चार पावलांवर बसले, पुन्हा उठले, पुन्हा बसले. शेवटचे वीतभर अंतर त्याने पंखांचे खुंट जमिनीवर टेकत काटले. हातात घेतल्यावर पायाचा मधला सांधा दोन्ही बाजूंना फुगलेला लागला. लोक त्याला गुडघा म्हणतात, पण पक्ष्याचा तो घोटा असतो. दोन्ही पाय धनुष्यासारखे बाहेर वाकले होते. पायाला जखम नव्हती, तळवा सुजलेला नव्हता, डोळे स्वच्छ होते आणि भूक शाबूत होती. स्वयंपाकघरातल्या काट्यावर त्याचे वजन इतरांच्या दोन तृतीयांश भरले. संध्याकाळपर्यंत आणखी दोन पिल्ले तशीच चालू लागली.

ही नायसिनच्या, म्हणजे ब-३ जीवनसत्त्वाच्या, कमतरतेची खूण आहे. अमेरिकेच्या राष्ट्रीय संशोधन परिषदेने १९९४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या कोष्टकांत बदकाच्या पिल्लासाठी दर किलो खाद्यात ५५ मिलिग्रॅम नायसिन सांगितले आहे. कोंबडीच्या लहान पिल्लासाठी हाच आकडा २७ ते ३५ आहे. कोंबडीचे शरीर प्रथिनांतल्या ट्रिप्टोफॅनपासून थोडे नायसिन तयार करते. बदकाला ते नीट जमत नाही. त्यात मक्यातले नायसिन अशा रूपात बांधलेले असते की ते पचनात सुटे होत नाही. त्यामुळे कोंबडीच्या पिल्लांचे खाद्य आणि वर मक्याचा भरडा, असा आहार पोट भरतो, पण पाय धरू देत नाही. या कळपाला नेमके हेच दिले जात होते.

पशुवैद्यकाच्या सल्ल्याने दुसऱ्या दिवसापासून प्यायच्या पाण्यात नायसिन सुरू केले. साधारण प्रमाण दर लिटर पाण्याला ३० ते ४० मिलिग्रॅम असते. गोळी पूड करून विरघळवावी, पाणी रोज ताजे करावे आणि त्या काळात दुसरे पाणी ठेवू नये. खाद्यात ब्रुअर्स यीस्ट मिसळली. शिजवलेले वाटाणे आणि धुऊन मीठ काढलेली सुकट जोडीला दिली. मीठ काढणे महत्त्वाचे आहे, कारण जादा मीठ बदकाच्या पिल्लाला विषासारखे बाधते. तीन अशक्त पिल्लांना कळपातच, पण जाळीमागे ठेवले, म्हणजे धक्काबुक्की होत नाही आणि एकटेपणाने ती झुरतही नाहीत. त्यांचे पाणी आणि खाद्य बसल्या जागी चोच पोचेल इतके जवळ होते.

तिसऱ्या दिवशी दोन पिल्ले न बसता भांड्यापर्यंत गेली आणि आठवड्याने रांगेत मिसळली. सर्वांत आधी आजारी पडलेल्या पिल्लाचे दुखणे मात्र थांबले, पाय सरळ झाला नाही. सूज आणि अशक्तपणा लवकर ओसरतो. हाड वाकून वाढले किंवा टाचेचा स्नायुबंध जागेवरून सरकला की औषध तो परत बसवत नाही. म्हणूनच पिल्लू चार पावलांवर बसते तो पहिला दिवस दवडू नये, आणि खरे तर पहिल्या दिवसापासूनच खाद्य बदकाचे असावे.

पावसाळ्यात खाद्याला बुरशी लागते, आणि तिचा फटका बदकाच्या पिल्लाइतका क्वचितच दुसऱ्या कोणा पाळीव पक्ष्याला बसतो. १९६० मध्ये इंग्लंडमध्ये एक लाखाहून अधिक टर्की पिल्ले अज्ञात रोगाने मेली. बदकाची पिल्लेही दगावली. शोध घेता ब्राझीलहून आलेल्या शेंगदाण्याच्या पेंडीत बुरशीचे विष सापडले. त्यालाच पुढे अफ्लाटॉक्सिन हे नाव मिळाले. हे विष ओळखण्यासाठी शास्त्रज्ञ एक दिवसाचे बदकाचे पिल्लूच वापरू लागले, इतके त्याचे यकृत नाजूक असते. वाढ खुंटणे, पिसे झडणे, पाय जांभळट होणे, झोकांड्या जाणे आणि शेवटी मान मागे वळून मृत्यू, अशी लक्षणे दिसतात. यावर उतारा नाही. पेंड किंवा कणी कुबट वासाची, गुठळ्या झालेली वा हिरवट दिसली की ती वाळवून, भाजून वापरू नये, कारण उन्हाने बुरशी मरते, विष राहते. ओला केलेला भरडाही दोन-तीन तासांत उचलावा. अंथरलेल्या तुसाला बुरशी आली तर तिचे बीज श्वासावाटे फुप्फुसात जाते आणि पिल्लू चोच उघडी टाकून, आवाज न करता धापा टाकते. म्हणून ओला तूस रोज काढावा.

काही रोग उपचाराला वेळच देत नाहीत. विषाणूजन्य यकृतदाहात सकाळी धडधाकट दिसणारे पिल्लू कुशीवर पडते, पाय झाडते, मान पाठीकडे ताणते आणि तासाभरात मरते. सहा आठवड्यांखालील पिल्लांचा, त्यातही पहिल्या तीन आठवड्यांतल्यांचा, हा रोग आहे. रिमेरेला जंतूच्या संसर्गात डोळे व नाक वाहते, डोके थरथरते, पिल्लू उताणे पडून पाय मारते. त्याला वेळीच योग्य प्रतिजैविक लागू पडते. मान लुळी पडून पिल्लू डोके उचलूच शकत नसेल, तर सडक्या डबक्यातले किंवा मेलेल्या जनावरावरच्या अळ्यांतले विष पोटात गेलेले असू शकते; कळप तिथून ताबडतोब हलवून स्वच्छ पाणी द्यावे. एका दिवसात एकाहून अधिक पिल्ले मेली, तर मेलेले पिल्लू पिशवीत बांधून, बर्फात ठेवून शवविच्छेदनासाठी पशुवैद्यकीय दवाखान्यात न्यावे. बाकीच्यांचे प्राण त्या तपासणीवर अवलंबून असतात. मेलेले पिल्लू उकिरड्यावर टाकू नये.

माणसांसाठी आणलेल्या, घरात उरलेल्या गोळ्या पिल्लांना देऊ नयेत. चुकीच्या प्रतिजैविकाने जंतू मरत नाही, सोकावतो, आणि औषधाचा अंश पुढे अंड्यांत व मांसात उतरतो. पिल्ले हाताळल्यावर साबणाने हात धुवावेत, मुलांनी तर नक्कीच. निरोगी दिसणाऱ्या पिल्लाच्या विष्ठेतही साल्मोनेला जंतू असू शकतो.

पाचव्या-सहाव्या आठवड्यात पंखांकडे पाहावे. खाद्यात प्रथिने आणि उष्मांक फार झाले तर पंखाचे टोक अंगावर न बसता बाहेर वळते. वेळीच दिसल्यास पंख मिटलेल्या स्थितीत मऊ पट्टीने आठवडाभर सैल बांधावा आणि आहारात पालेभाजी, शेवाळ, अझोला वाढवावा.

बदकांचा प्लेग या विषाणूजन्य रोगाची लस आठ ते बारा आठवड्यांच्या दरम्यान टोचतात. या कळपाला ती आठव्या आठवड्याच्या शेवटी दिली गेली. तोपर्यंत चौदाच्या चौदा पिल्ले जगली होती. वाकड्या पायाचे पिल्लू चिखलात नीट चालत असे, कोरड्या जमिनीवर लंगडत असे. पाण्यात मात्र ते बाकीच्यांच्या बरोबरीने जाई. लसीच्या दिवशी ते रांगेत शेवटी होते, पण रांगेत होते.